गॉवरमधला एक दिवस: दोन थडगी, दोन गुहा आणि मधली हजारो वर्षं

वेल्सच्या दक्षिण किनाऱ्यावर, स्वॉन्झी शहराला लागून, गॉवर नावाचं एक छोटं द्वीपकल्प आहे. ब्रिटनमध्ये ‘विशेष निसर्गसुंदर प्रदेश’ हा सरकारी दर्जा सगळ्यात आधी मिळाला तो याच भागाला, १९५६ साली. बहुतेक लोक तिथं जातात ते समुद्रकिनाऱ्यांसाठी. पण जाणकार वाटाड्याबरोबर आणखी एक सहल करता येते. सकाळी पार्कमिल गावातून निघायचं, झाडीतल्या दरीत एक अश्मयुगीन थडगं पाहायचं, तिथून चार पावलं वर चढून एक गुहा, दुपारी डोंगरमाथ्यावरची एक अजस्र शिळा आणि ऊन उतरायच्या आत समुद्रावरच्या कड्यापाशी जाऊन खालच्या दुसऱ्या गुहेची माहिती ऐकायची. कार्डिफ, ब्रिस्टल किंवा लंडनकडे राहणाऱ्या मराठी घरांतून भारतातले आईवडील आले की त्यांना फिरवायच्या यादीत ही सहल सहसा नसते. ती असायला हवी असं माझं मत आहे. मात्र थोडी तयारी करून गेलं तरच तिच्यात मजा आहे, नाहीतर दिवसभर दगड पाहून परत यायचं.

तयारी म्हणजे कसली? तर कालगणनेची. या सहलीत ‘प्राचीन’, ‘अश्मयुगीन’, ‘आदिमानव’ हे शब्द इतक्या सैलपणे कानावर पडतात की चारही ठिकाणं एकाच काळातली आणि एकाच लोकांची आहेत असं वाटायला लागतं. प्रत्यक्षात पॅव्हिलंडच्या गुहेतलं दफन सुमारे ३३,००० वर्षांपूर्वीचं आहे. कॅट होल गुहेतलं भिंतीवरचं कोरीव चित्र किमान १४,००० वर्षांपूर्वीचं. आणि दरीतलं दगडी थडगं साधारण ५,७०० वर्षांपूर्वीचं. हे आकडे नुसते वाचून डोक्यात शिरत नाहीत, म्हणून ते मुंबई-पुणे रेल्वेमार्गावर मांडून बघा. पॅव्हिलंडचा माणूस सीएसएमटीला गाडीत बसला आणि आपण पुणे स्टेशनवर उभे आहोत असं धरा. मग कॅट होलचं चित्र काढणारा कर्जत सोडून घाट चढता चढता भेटतो. दगडी थडगं बांधणारे तळेगावला. विदर्भातली जुनापाणीची शिळावर्तुळं, जी आपण ‘फार पुरातन’ म्हणून दाखवतो, ती चिंचवडला. शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक शिवाजीनगर स्टेशनच्या आसपास. म्हणजे थडगं बांधणाऱ्यांपासून आपण जेवढे लांब आहोत, त्याच्या जवळजवळ पाचपट लांब त्यांच्यापासून पॅव्हिलंडचा माणूस होता.

आता एकेक मुक्काम.

दरीतलं थडगं

पार्कमिलहून आत वळलं की पायवाटेनं साधारण किलोमीटरभरावर दरी रुंदावते आणि मोकळ्या गवतात दगडांचा एक बसका ढीग दिसतो. नाव ‘पार्क कुम’चं लांब थडगं. २२ मीटर लांब, पुढच्या म्हणजे दक्षिणेच्या बाजूला १३ मीटर रुंद आणि मागं निमुळतं होत गेलेलं. १८६९ साली रस्त्यासाठी खडी काढणाऱ्या मजुरांना इथं हाडं सापडली. रस्त्याच्या कामानं जगभर किती स्मारकं गिळली याचा हिशोब नाही, हे एक वाचलं.

खोदकाम केलं ते सर जॉन लबक यांनी. हे गृहस्थ बँकर, खासदार, डार्विनचे शेजारी आणि हौशी पुरातत्त्वज्ञ. अश्मयुगाचे ‘पुराश्म’ आणि ‘नवाश्म’ असे दोन भाग पाडून त्यांना नावं देण्याची पद्धत त्यांनीच १८६५ मध्ये रूढ केली. आपल्या शाळेच्या इतिहासात हे दोन शब्द आहेत ते त्यांच्यामुळे. गंमत अशी की लबक यांनी खणलेलं हे थडगं नवाश्मयुगातलं आणि त्याच्या वरच्या अंगाची गुहा पुराश्मयुगातली. दोन्हींमध्ये अंतर दोनेकशे मीटर. त्यांची विभागणी एकाच दरीत पायी फिरून बघता येते.

थडग्याला आज छप्पर नाही. वरचे झाकणाचे दगड कधीच गेले. यामुळे भव्यता कमी झाली असली, तरी शिकायला हे बरं पडतं, कारण वरून सगळा नकाशा उघडा दिसतो. दक्षिणेला घंटेच्या आकाराचं अंगण, दोन्ही बाजूंनी दगडी भिंती आत वळत आलेल्या. अंगण जिथं अरुंद होतं तिथून एक चिंचोळा बोळ सुरू होतो, एका वेळी एकच माणूस जाईल इतका. बोळाच्या दोन्ही हातांना दोन-दोन खोल्या. खोल्यांच्या भिंती म्हणजे उभ्या केलेल्या चुनखडीच्या शिळा आणि दोन शिळांमधली फट चुन्या-मातीशिवाय रचलेल्या चपट्या दगडांनी बुजवलेली. वाकून ही फटीतली रचना जवळून बघा. एकावर एक ठेवलेले दगड असे बसवलेत की वरच्याच्या वजनानं खालचा घट्ट होतो. हे काम सवयीच्या हातांचं आहे. ढिगाच्या कडेचा बराचसा भाग मात्र १९६०-६१ च्या खोदकामानंतर पुन्हा रचलेला आहे, त्यामुळे प्रत्येक दगडाला हात लावून ‘साडेपाच हजार वर्षं!’ म्हणण्यात अर्थ नाही.

आत किमान ४० माणसांची हाडं होती. बाया, पुरुष, मुलं, सगळे. पण एकही सांगाडा अखंड नाही. सगळ्यांची हाडं एकमेकांत मिसळलेली.

मग चाळीस हा आकडा कुठून आला? पद्धत साधी आहे. ढिगातून एका प्रकारचं हाड निवडायचं, समजा डाव्या मांडीचं. माणसाला ते एकच असतं. असे जितके नग मिळतील तितकी माणसं तरी नक्की होती. मग हेच दंडाच्या हाडानं, जबड्यानं, दातांनी करायचं आणि ज्या हाडाचा आकडा सर्वांत मोठा येईल तो धरायचा. लहान मुलांचं हाड मोठ्यांच्या हाडाशी जुळत नाही, म्हणून ती वेगळी मोजायची. यातून मिळतो तो ‘किमान’ आकडा. खरी संख्या त्याहून जास्त असू शकते, कमी नाही. वाटाडे बहुतेक वेळा ‘किमान’ हा शब्द गाळतात, आणि ऐकणाऱ्याला वाटतं की नोंदवहीत चाळीस नावं लिहिलेली होती.

मिसळलेल्या हाडांमागचं कारण जास्त विचार करायला लावणारं आहे. अलास्डेअर व्हिटल आणि मायकेल वायसॉकी या दोघांनी ही हाडं नव्यानं तपासून १९९८ मध्ये निष्कर्ष मांडले. काही हाडांवर ऊन-पावसाच्या खुणा होत्या, काहींवर प्राण्यांच्या दातांच्या. बंद थडग्यात पहिल्या दिवसापासून ठेवलेल्या हाडांवर अशा खुणा पडत नाहीत. म्हणजे निदान काही मृतदेह आधी दुसरीकडे ठेवले गेले असणार, कदाचित आसपासच्या गुहांमध्येच, आणि मांस गळून गेल्यावर हाडं इथं आणली गेली. मृत्यूनंतरचा विधी एका दिवसात उरकत नव्हता. मेलेला माणूस आधी एका जागी ‘फलाणा’ म्हणून असायचा आणि नंतर दुसऱ्या जागी सगळ्यांच्या हाडांत मिसळून जायचा. मुंबईच्या मलबार हिलवर पारशांचा दोखमा, म्हणजे मृतदेह उघड्यावर ठेवायची जागा, आहे. तिथं गिधाडं होती तोवर ती मांस खायची आणि हाडं मधल्या विहिरीत सगळ्यांची एकत्रच जायची. श्रद्धा वेगळ्या, काळ वेगळा, त्यामुळे दोन्हींचा संबंध जोडायचा नाही. पण ‘हाडं एकत्र टाकली म्हणजे मेलेल्याची हेळसांड केली’ असा घाईचा निष्कर्ष मात्र मुंबईकरानं तरी काढू नये.

हे थडगं काही शतकं वापरात होतं. मधल्या पिढ्यांनी आतली हाडं सरकवली असणार, काही बाहेर नेली असणार. त्यामुळे इथं ‘राजा पुरला होता’ वगैरे ऐकायला मिळालं तर सोडून द्या. एकाही माणसाला वेगळी, मानाची जागा दिलेली दिसत नाही.

हाडांतून आणखी एक गोष्ट कळते, जेवणाची. हाडातल्या प्रथिनात कार्बन आणि नायट्रोजनचे वेगवेगळ्या वजनाचे अणू असतात. समुद्रातलं अन्न खाणाऱ्याच्या शरीरात त्यांचं प्रमाण वेगळं, जमिनीवरचं खाणाऱ्याच्या वेगळं. पार्क कुमची माणसं समुद्रापासून तासाभराच्या चालीवर राहूनही मासे जवळजवळ खात नव्हती. गुरं आणि जमिनीवरचंच अन्न. कोकणातल्या माणसाला हे पटणं कठीण आहे, पण ब्रिटनच्या पहिल्या शेतकऱ्यांबाबत हे जवळपास सगळीकडे आढळतं. पुरुषांच्या पायांची हाडं बायकांपेक्षा जास्त भक्कम होती, म्हणजे स्नायूंवर ताण जास्त. गुरांमागची पायपीट किंवा शिकार, यातलं काहीतरी. गावात बसून फक्त जमीन कसणाऱ्यांमध्ये इतका फरक पडायचं कारण नाही.

कॅट होल

थडग्यापासून वर बघितलं की उजव्या हाताला झाडीत गुहेचं तोंड आहे, दरीच्या तळापासून १५ मीटर उंच. चढ छोटा पण निसरडा, चपला घालून जाऊ नये.

महाराष्ट्रातून गेलेल्या माणसानं इथं एक फरक ध्यानात घ्यावा. सह्याद्रीचा काळा पाषाण म्हणजे थंड झालेला लाव्हा. तो पाण्यात विरघळत नाही, म्हणून आपल्याकडे खोल नैसर्गिक गुहा कमी आणि माणसानं छिन्नीनं खोदलेली लेणी जास्त. गॉवरचा किनारा चुनखडीचा. पावसाचं पाणी हवेतला आणि मातीतला कार्बन डायऑक्साइड घेऊन किंचित आम्ल बनतं आणि फटींमधून झिरपताना चुनखडी खात जातं. हजारो वर्षांत फटीची बोळ होते, बोळाची गुहा. ही गुहा कुणी खोदलेली नाही. आणि चुनखडीचा दुसरा गुण असा की ती आम्लता मारते, त्यामुळे तिच्यात हाडं टिकतात. या सहलीत हाडांच्या एवढ्या गोष्टी ऐकायला मिळतात त्याचं निम्मं श्रेय खडकाला आहे.

कॅट होलमध्ये १८६४ पासून खोदकामं झाली. हिमयुगातल्या प्राण्यांची हाडं मिळाली, गारगोटीची हत्यारं मिळाली, आणि वरच्या थरांत कांस्ययुगातल्याही वस्तू. खरी बातमी झाली ती २०१० च्या सप्टेंबरमध्ये. ब्रिस्टल विद्यापीठाचे जॉर्ज नॅश यांना आतल्या एका अरुंद कोपऱ्यात भिंतीवर कोरलेल्या रेघा दिसल्या. हरणासारख्या प्राण्याचं धड, आत उभ्या रेघा, खाली पाय. तळहाताएवढं चित्र. भीमबेटका डोळ्यांसमोर ठेवून गेलात तर निराशाच होईल. नंतर नासधूस झाल्यामुळे आतली वाट लोखंडी गजांनी बंद केली, त्यामुळे आज ते चित्र पाहुण्यांना दिसतही नाही. माझ्या मते हे योग्यच झालं.

या रेघांचं वय ठरवलं ते मात्र मुळातून समजून घेण्यासारखं आहे. कोरीव रेघेत वय मोजता येईल असं काही नसतं, ती म्हणजे खडकातली खाच. पण गुहेतून झिरपणारं पाणी भिंतीवर चुनखडीचा पातळ थर चढवत जातं, आणि असा थर या रेघांवर चढला होता. पाण्यात युरेनियम थोडं विरघळतं, थोरियम विरघळत नाही. म्हणून नव्या थरात युरेनियम असतं आणि थोरियम जवळजवळ शून्य. पुढं युरेनियमचं ठरलेल्या वेगानं थोरियम होत जातं. थरात थोरियम किती साठलं हे मोजलं की थराचं वय मिळतं. पहिला नमुना सुमारे १२,५०० वर्षांचा निघाला, नंतरचा १४,५०० वर्षांचा, पाचेकशे वर्षं इकडेतिकडे धरून. दोन उत्तरं आली म्हणजे मोजणी चुकली असं नाही. थर एका दिवसात चढत नाही. आणि थर चित्राच्या वर आहे, म्हणजे चित्र त्याच्या आधीचं. किती आधीचं, हे थर सांगू शकत नाही. म्हणून इथंही पुन्हा तोच शब्द: किमान.

पॅव्हिलंड, आणि बदलत गेलेला आकडा

आता सगळ्यात जुना आणि सगळ्यात नाट्यमय मुक्काम. गॉवरच्या दक्षिण कड्यात, पोर्ट आयनन आणि रोसिली या गावांच्या मधे, ‘गोट्स होल’ नावाची गुहा आहे, हीच पॅव्हिलंडची गुहा. खालून तिच्यात शिरता येतं ते फक्त ओहोटीत, काही तासांपुरतं. ब्रिस्टल चॅनलमध्ये भरती-ओहोटीतला फरक जगातल्या सर्वांत मोठ्यांपैकी आहे आणि पाणी आलं की परतीची वाट बंद होते. म्हणून शहाणे वाटाडे लोकांना वरच्या कड्यापाशी आणून तिथूनच गोष्ट सांगतात. खाली उतरायचा हट्ट करू नये.

१८२३ च्या जानेवारीत विल्यम बकलंड इथं आले. ऑक्सफर्डमध्ये भूशास्त्र शिकवणारे, आणि धर्मोपदेशकही. गुहेच्या जमिनीत त्यांना एक सांगाडा मिळाला: कवटी नाही, बरीचशी उजवी बाजू नाही, पण जी हाडं होती ती सगळी तांबडीलाल. गेरू फासून किंवा गेरूत माखलेल्या कपड्यांत पुरल्यामुळे रंग हाडांत उतरलेला. मांडीपाशी भोकं पाडलेले छोटे शिंपले. छातीच्या बाजूला हस्तिदंताच्या कांड्या आणि कड्यांचे तुकडे. जवळच मॅमथची, म्हणजे केसाळ हत्तीची, कवटी.

सुरुवातीला बकलंड यांना वाटलं की हा तस्करांनी मारलेला जकात अधिकारी असावा. नंतर दागिन्यांवरून त्यांनी ठरवलं की ही बाई आहे, आणि वरच्या टेकडीवरच्या जुन्या तटबंदीशी संबंध जोडून तिला रोमन काळात बसवलं. तिचा व्यवसाय काय असेल याविषयीही त्यांनी चावटपणा केला. यातून नाव पडलं ‘पॅव्हिलंडची तांबडी बाई’, आणि ते आजतागायत चिकटून आहे, जरी ती बाई नव्हती. तो विशीतला पुरुष होता.

बकलंड यांना हसणं सोपं आहे. पण त्यांची अडचण बघा. बायबलमधल्या नोआच्या प्रलयात हत्तीसारखे प्राणी युरोपातून वाहून गेले आणि माणूस तिथं नंतर आला, असं त्यांचं धर्मशास्त्र आणि त्या काळचं भूशास्त्र दोन्ही सांगत होतं. मग हत्तीच्या कवटीशेजारी माणूस आणि त्याच्या अंगावर हस्तिदंत, हे जुळवायचं कसं? त्यांनी सुचवलं की त्या ‘बाई’नं गुहेत आधीच पडलेला जुना हस्तिदंत उकरून दागिने केले. निरीक्षण त्यांनी अचूक नोंदवलं होतं, फक्त त्याला ठेवायला त्यांच्याकडे पुरेसा लांब काळ नव्हता. त्या नोंदी नीट होत्या म्हणूनच १९१२ मध्ये विल्यम सोलास यांना पुन्हा खोदकाम करून सांगता आलं की हा हिमयुगातला पुरुष आहे.

किती जुना, हे कळायला पुढची शंभर वर्षं लागली. इथं कार्बन-१४ ची गोष्ट येते.

सगळ्या सजीवांत कार्बन असतो आणि त्यातला अगदी बारीकसा भाग किरणोत्सारी, म्हणजे कार्बन-१४. वातावरणात वरच्या थरांत तो सतत तयार होतो, वनस्पतींत येतो, तिथून प्राण्यांत. जीव मेला की नवी भर थांबते आणि आतला साठा घटत जातो. दर ५,७३० वर्षांनी निम्मा. उरलेला किती हे मोजायचं आणि मागं हिशोब करायचा. शाळेत इथपर्यंत शिकवतात. जे शिकवत नाहीत ते असं: नमुना जितका जुना, तितकी घाण महाग पडते.

हिशोबच करू. पार्क कुमच्या हाडात मूळ कार्बन-१४ पैकी निम्म्याहून थोडा जास्त शिल्लक आहे. त्यात एक टक्का आजचा कार्बन मिसळला, म्हणजे हाताळणाऱ्याच्या बोटांचा, संग्रहालयात हाड टिकवायला लावलेल्या सरसाचा किंवा मातीतल्या मुळांचा, तर उत्तर सत्तरेक वर्षांनी चुकेल. पाच हजारांत सत्तर म्हणजे काहीच नाही. पॅव्हिलंडच्या हाडात मात्र शंभरातले जेमतेम पावणेतीन भाग उरलेत. त्यात तोच एक टक्का आजचा कार्बन पडला की पावणेतीनचे साडेतीनच्या वर होतात आणि वय एका फटक्यात अडीच हजार वर्षांनी कमी दिसतं. सात-आठ टक्के भेसळ झाली तर दहा हजारांनी.

आता या सांगाड्याचे आजवर निघालेले आकडे बघा. १९६० च्या दशकात केनेथ ओकली यांच्या मोजणीत उत्तर आलं सुमारे १८,५०० कार्बन-वर्षं. गेल्या शतकाच्या शेवटी सुमारे २६,३५०. आणि २००७-०८ च्या सुमारास रॉजर जेकोबी आणि टॉम हायम यांनी हाडातलं प्रथिन अतिसूक्ष्म गाळणीतून गाळून, भेसळीचे छोटे रेणू काढून टाकून मोजलं तेव्हा सुमारे २९,०००. नमुना जसजसा स्वच्छ होत गेला तसतसा माणूस जुना होत गेला. उलट कधीच झालं नाही, कारण पाण्यातून-मातीतून-हातांतून येणारी भेसळ बहुधा नव्या कार्बनचीच असते.

मग मी वर ३३,००० का म्हटलं? कारण वातावरणातलं कार्बन-१४ चं प्रमाण सगळ्या काळात सारखं नव्हतं. झाडांची वर्षवलयं, तळ्यांच्या तळाचे गाळाचे थर, गुहांमधली चुनखडी यांच्याशी ताडून कार्बन-वर्षांचं कॅलेंडरच्या वर्षांत रूपांतर करावं लागतं. त्या तक्त्यानुसार २९,००० कार्बन-वर्षं म्हणजे ३३,००० हून थोडी जास्त कॅलेंडर वर्षं. गॉवरवरची जुनी माहितीपत्रकं, जुनी पुस्तकं आणि आंतरजालावरची पानं यांत तुम्हाला १८ हजार, २६ हजार, २९ हजार, ३३ हजार असे चारही आकडे मिळतील. कुणीही थाप मारलेली नाही. प्रत्येक आकड्याला त्याच्या मोजणीचं साल आहे.

कड्यावर उभं राहून खाली फेसाळणारं पाणी दिसतं, आणि मन आपोआप म्हणतं की हा माणूस समुद्राकाठी राहत होता. नव्हता. त्या काळी पृथ्वीवरचं भरपूर पाणी बर्फात अडकलं होतं आणि समुद्र इथून शंभराहून अधिक किलोमीटर लांब होता. गुहेच्या तोंडातून दिसायचं ते मैलोन्‌मैल पसरलेलं गवताळ मैदान, मॅमथ, रेनडिअर, रानटी घोडे यांच्या कळपांचं. मांडीपाशी सापडलेले शिंपले म्हणजे दुरून आणलेली वस्तू, पायरीवर वेचलेली नव्हे.

हे ब्रिटनमधलं आजवर ज्ञात असलेलं सर्वांत जुनं दफन आहे. गेरू, दागिने, गुहेची निवड, यांतून एवढं नक्की की कुणीतरी वेळ आणि वस्तू खर्च केल्या. कोण होता तो, शिकारी की मांत्रिक, यावर जे सांगितलं जातं ती कल्पना. आपल्याकडे पुणे जिल्ह्यात घोड नदीकाठी इनामगावला, ताम्रपाषाण काळात, मेलेली मुलं तोंडाला तोंड लावलेल्या दोन रांजणांत घालून घराच्याच जमिनीखाली पुरत. मोठ्यांना पुरताना पावलं तोडत. मेलेला परत येऊ नये म्हणून, असं कारण सांगतात, आणि ते पटतंही. पण ते आपण लावलेलं कारण आहे. सांगाडा ‘काय केलं’ हे चोख सांगतो, ‘का केलं’ हे नाही.

आर्थरची शिळा

केव्हन ब्रिनच्या माथ्यावरची ही शिळा सहलीत सगळ्यांना सगळ्यात जास्त आवडते, आणि सांगण्यासारखं तिच्यात सगळ्यात कमी आहे. सुमारे २५ टन वजनाचा दगड, खाली छोटे टेकू. राजा आर्थरच्या जोड्यात खडा गेला आणि त्यानं तो खाडीपलीकडून भिरकावला तो इथं पडला, अशी दंतकथा. दगड बहुधा हिमनदीनं आधीच इथं आणून टाकला होता आणि नवाश्मयुगातल्या लोकांनी त्याच्या खालची माती काढून टेकू सारले. उचलण्यापेक्षा हे कितीतरी सोपं.

आत हाडं? काही नाहीत. हा डोंगर चुनखडीचा नसून वालुकाश्माचा आहे, त्यावरची माती आम्ल, आणि आम्ल मातीत हाड विरघळून जातं. म्हणजे त्याच नवाश्मयुगातलं थडगं, आणि काही किलोमीटरवर एकीकडे चाळीस माणसं आणि दुसरीकडे शून्य. पुरातत्त्वात ‘सापडलं नाही’ म्हणजे ‘नव्हतं’ असं धरायचं नसतं, हे शिकवायला याहून चांगली जागा नाही.

१८८२ मध्ये ब्रिटनच्या संसदेनं प्राचीन स्मारकांच्या रक्षणाचा पहिला कायदा केला, तेव्हा यादीत वेल्समधली जी मोजकी स्मारकं होती त्यांत ही शिळा होती. तो कायदा वर्षानुवर्षं रेटून नेणारे खासदार म्हणजे तेच लबक, सकाळच्या थडग्याचे.

हे कुणाचे पूर्वज?

सहलीत हमखास ऐकू येणारं वाक्य: ‘आपल्या पूर्वजांनी हे बांधलं.’ स्थानिक अभिमान समजू शकतो, पण गेल्या काही वर्षांत प्राचीन डीएनएच्या अभ्यासानं हे वाक्य अवघड करून ठेवलंय. पॅव्हिलंडच्या माणसानंतर काही हजार वर्षांत हिमयुगाचा कडाका शिगेला पोचला, बर्फाची चादर गॉवरच्या उंबऱ्यापर्यंत आली आणि ब्रिटन निर्मनुष्य झालं. सुमारे १५,००० वर्षांपूर्वी बर्फ हटू लागल्यावर दक्षिणेकडून शिकारी पुन्हा आले. कॅट होलचं चित्र काढणारा बहुधा यांच्यातला. सुमारे ६,००० वर्षांपूर्वी शेती घेऊन आले ते तिसरे लोक. त्यांचे पूर्वज आजच्या तुर्कस्तान आणि एजियन समुद्राच्या भागातले, भूमध्य समुद्राच्या काठाकाठानं पिढ्यान्‌पिढ्या सरकत आलेले. थडगी त्यांची. आणि सुमारे ४,५०० वर्षांपूर्वी युरोपातून चौथी लाट आली, जिच्यानंतरच्या काही शतकांत ब्रिटनच्या लोकसंख्येचा सुमारे ९० टक्के वंश बदलला. आजचे वेल्श लोक मुख्यतः या चौथ्यांचे वारस. पार्क कुममध्ये पुरलेल्यांशी त्यांचं नातं आहे, पण पातळ. पॅव्हिलंडच्या माणसाशी जवळजवळ नाहीच.

जायचं असेल तर पार्क कुमचं थडगं आणि आर्थरची शिळा दोन्ही विनातिकीट आणि कायम उघडी आहेत. स्वॉन्झीहून पार्कमिलला बस जाते. वाटाड्याशिवायही जमेल, फक्त पॅव्हिलंडच्या कड्यावर वारा जोरदार असतो, लहान मुलं बरोबर असतील तर तो भाग सोडून द्यावा. सांगाडा मात्र गॉवरमध्ये शोधू नका. बकलंड तो ऑक्सफर्डला घेऊन गेले आणि तो तिथल्याच विद्यापीठाच्या निसर्ग-इतिहास संग्रहालयात आहे. वेल्सनं तो परत मागावा अशी चळवळ अधूनमधून डोकं वर काढते. २००७-०८ मध्ये कार्डिफच्या राष्ट्रीय संग्रहालयाला तो काही महिने प्रदर्शनासाठी मिळालाही होता. ऑक्सफर्डच्या संग्रहालयाला प्रवेश फुकट आहे, आणि लंडनहून येता-जाता वाट थोडी वाकडी केली तर ती तांबडी हाडंही बघून होतात.